विधानसभा मतदारसंघाचा निवडणूक इतिहास: जमवायचा कसा, तपासायचा कसा

गणपतराव देशमुख सांगोल्यातून किती वेळा आमदार झाले? कुणालाही विचारा, उत्तर एकच: अकरा वेळा. मी पहिल्यांदा निवडणूक आयोगाचे अहवाल समोर ठेवून सांगोल्याचा तक्ता केला, तेव्हा बेरीज दहाच्या पुढे जाईना. १९६२, १९६७, १९७८, १९८०, १९८५, १९९०, १९९९, २००४, २००९, २०१४. पुन्हा मोजलं, तरी दहाच. एक विजय कार्यकर्त्यांनी कौतुकाने वाढवून सांगितला असणार, असं म्हणून मी मोकळा झालो होतो.

चूक माझीच होती. १९७२ ला देशमुख हरले आणि काँग्रेसचे काकासाहेब साळुंखे-पाटील निवडून आले. त्यांच्या निधनानंतर १९७४ ला पोटनिवडणूक लागली आणि ती देशमुखांनी जिंकली. मी सार्वत्रिक निवडणुकांचे अहवाल चाळत होतो, त्यात १९७४ सापडणार कसं?

मतदारसंघाचा इतिहास म्हणजे आमदारांची यादी, असं समजून कामाला बसलं की असं होतं. यादी तासाभरात होते, पण ती कुठेतरी चुकलेली असते आणि ते आपल्याला कळतही नाही. एखाद्या मतदारसंघाची १९५२ पासून आजवरची कुंडली नीट मांडायची असेल, तर काम कोणत्या क्रमाने करावं आणि खड्डे कुठे आहेत, ते इथे सांगतो. उदाहरणं बरीचशी सोलापूर जिल्ह्यातली आहेत, कारण तिथले खड्डे माझ्या पायाखालचे आहेत. महाराष्ट्रातल्या कुठल्याही मतदारसंघाला हीच रीत लागू पडते.

आधी जमीन ठरवा

पहिल्या दिवशी एकाही उमेदवाराचं नाव लिहू नका. कागदावर एवढंच लिहा: हा मतदारसंघ म्हणजे कोणती गावं, आणि कधीपासून.

हे टाळलं की सगळा इतिहास वाळूवर उभा राहतो. मतदारसंघाचं नाव तेच राहतं आणि खालची जमीन सरकते. कधी उलट होतं, जमीन बरीचशी तीच आणि नाव नवं. पतंगराव कदमांचा जुना मतदारसंघ भिलवडी-वांगी. २००९ पासून त्या नावाचा मतदारसंघच नाही, पलूस-कडेगाव आहे. नाशिक जिल्ह्यातला दाभाडी आता मालेगाव बाह्य झाला. दादा भुसे २००४ ला दाभाडीतून अपक्ष निवडून आले आणि पुढच्या निवडणुका मालेगाव बाह्यमधून लढले. 'मालेगाव बाह्य' एवढंच शोधलंत तर त्यांची पहिली निवडणूक हाती लागणार नाही.

क्रमांकावर तर अजिबात विसंबू नका. १९७८ ते २००४ या काळात यादी कोकणातून सुरू व्हायची, सावंतवाडी एक नंबरला. २००८ ला परिसीमन आयोगाने, म्हणजे मतदारसंघांच्या हद्दी ठरवणाऱ्या आयोगाने, काढलेल्या आदेशात यादी नंदुरबारकडून सुरू झाली. अक्कलकुवा १, जत २८८, आणि सावंतवाडी थेट २७०. क्रमांकाच्या आधारे दोन निवडणुकांचे तक्ते जोडलेत, तर सावंतवाडीच्या पुढे अक्कलकुव्याचे आमदार येऊन बसतील. हसू नका, असे तक्ते मी पाहिले आहेत.

हद्द कळण्यासाठी परिसीमन आयोगाचा आदेश काढायचा. २००८ च्या आदेशात प्रत्येक मतदारसंघापुढे तालुका, महसूल मंडळ, काही ठिकाणी सझा (एका तलाठ्याकडची गावं) आणि शहरात वॉर्ड असं वर्णन आहे. सांगोल्यापुढे सांगोला तालुका आणि पंढरपूर तालुक्यातलं भाळवणी महसूल मंडळ असं लिहिलंय. म्हणजे २००९ पासून सांगोल्याच्या निकालात भाळवणी मंडळाची मतं मिसळलेली आहेत.

पंढरपूर तालुका तर चार विधानसभा मतदारसंघांत वाटला गेलाय: पंढरपूर-मंगळवेढा, माढा, सांगोला आणि मोहोळ. माढ्यातली बेचाळीस गावं आणि करमाळ्यातली छत्तीस गावं हे शब्द तिथल्या प्रत्येक निवडणुकीत ऐकू येतात. बेचाळीस गावं म्हणजे पंढरपूर तालुक्यातली, पण माढा मतदारसंघात मतदान करणारी. छत्तीस गावं म्हणजे माढा तालुक्यातली, करमाळ्याला जोडलेली. माढा तालुक्यातले संजयमामा शिंदे २०१९ ला करमाळ्यातून अपक्ष निवडून आले. ते कसं घडलं, हे छत्तीस गावं बाजूला ठेवून सांगताच येत नाही.

आदेशातलं आरक्षणही याच कागदावर टिपा. २००८ च्या आदेशाने राज्यातल्या अनुसूचित जातींच्या राखीव जागा १८ वरून २९ आणि जमातींच्या २२ वरून २५ झाल्या. आकडा कोरडा दिसतो, पण त्याने घराणी हलली. माळशिरस हा विजयसिंह मोहिते-पाटलांचा १९८० पासूनचा मतदारसंघ, २००९ ला राखीव झाला. मोहोळही राखीव झाला आणि १९९५ पासून सलग तीनदा निवडून आलेल्या राजन पाटलांना तिथून उभं राहता येईना. उलट मंगळवेढा राखीव होता, तो पंढरपूरला जोडून खुला झाला. मोहिते-पाटील २००९ ला पंढरपुरात उतरले आणि भारत भालकेंकडून हरले. निकालाच्या तक्त्यात ही फक्त एक ओळ आहे. तिचं कारण मात्र परिसीमनाच्या आदेशात सापडतं.

सहा गठ्ठे

जमीन कळली की निवडणुकांचे गठ्ठे बांधा. सरसकट १९५२ ते २०२४ अशी एक लांब यादी करू नका. एकाच हद्दीवर झालेल्या निवडणुका एका गठ्ठ्यात ठेवायच्या. आकड्यांची तुलना गठ्ठ्याच्या आत करायची, बाहेर गेलात तर सांभाळून.

पहिला गठ्ठा १९५२ चा. तेव्हा महाराष्ट्र राज्य नव्हतं. पश्चिम महाराष्ट्र, खानदेश, कोकण आणि मुंबई हे मुंबई राज्यात होतं, मराठवाडा हैदराबाद राज्यात आणि विदर्भ मध्य प्रदेशात. परभणीची १९५२ ची निवडणूक मुंबई राज्याच्या अहवालात शोधून काही मिळणार नाही, हैदराबादचा अहवाल उघडावा लागेल. नागपूरसाठी मध्य प्रदेशाचा. चंदगड तालुका तेव्हा बेळगाव जिल्ह्यात होता, तो १९५६ च्या राज्य पुनर्रचनेत कोल्हापूरकडे आला.

दुसरा गठ्ठा १९५७ चा, द्वैभाषिक मुंबई राज्याचा. कच्छ-सौराष्ट्रापासून विदर्भापर्यंत ३९६ जागा. संयुक्त महाराष्ट्र समितीने पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसला घाम फोडला तो याच निवडणुकीत. १ मे १९६० ला महाराष्ट्र झाला तेव्हा नवी निवडणूक झाली नाही. याच ३९६ पैकी २६४ आमदार महाराष्ट्राच्या विधानसभेत आले आणि १३२ गुजरातच्या. म्हणून 'महाराष्ट्राचे पहिले आमदार' असं लिहिताना थांबा. १९६० चे म्हणायचेत की १९६२ चे, ते ठरवून घ्या.

या दोन्ही गठ्ठ्यांत आणखी एक भानगड आहे, द्विसदस्य मतदारसंघांची. काही मतदारसंघांतून दोन आमदार निवडले जात, त्यातली एक जागा राखीव असे आणि प्रत्येक मतदाराला दोन मतं असत. त्यामुळे मिळालेल्या मतांची बेरीज मतदारांच्या संख्येच्या वर गेलेली दिसू शकते. ती छपाईची चूक नसते. १९६१ च्या कायद्याने ही पद्धत बंद झाली. तुमच्या मतदारसंघात १९५२ किंवा १९५७ ला दोन विजेते दिसले, तर घाईने एकाला 'खरा' ठरवून दुसऱ्याला खोडू नका, दोघंही खरे असतात.

तिसरा गठ्ठा १९६२ चा, २६४ जागांचा. चौथा १९६७ आणि १९७२ चा, २७० जागांचा. पाचवा सगळ्यात मोठा: १९७८, १९८०, १९८५, १९९०, १९९५, १९९९, २००४. सात निवडणुका एकाच हद्दीवर, जागा २८८. अभ्यास करायचा तर खरी मजा या गठ्ठ्यात आहे, कारण इथे तुलना बिनधास्त करता येते. सहावा २००९ पासून २०२४ पर्यंतचा, चार निवडणुकांचा. जागा २८८ च राहिल्या, पण हद्दी बदलल्या.

निवडणुकांमधलं अंतर दर वेळी पाच वर्षांचं नाही, तेही लक्षात असू द्या. १९७२ ची विधानसभा आणीबाणीमुळे लांबली आणि निवडणूक १९७८ ला झाली. १९७८ ची विधानसभा दोन वर्षांतच बरखास्त झाली. १९९९ ला लोकसभेबरोबर निवडणूक उरकली. 'सलग पंचवीस वर्षं आमदार' असं लिहिण्याआधी बोटं मोजा.

आकडे कुठले घ्यायचे

पाया म्हणून भारत निवडणूक आयोगाचे सांख्यिकी अहवाल घ्या. प्रत्येक सार्वत्रिक निवडणुकीचा एक अहवाल असतो आणि तो आयोगाच्या संकेतस्थळावर मिळतो. मतदारसंघनिहाय सविस्तर निकाल त्याच्या शेवटच्या भागात असतो. जुने अहवाल स्कॅन केलेले आहेत. ३ आणि ८ सारखेच दिसतात, डोळे दुखतात. उतरवून घेतलेला प्रत्येक आकडा बेरजेने तपासा. सगळ्या उमेदवारांची मतं मिळून वैध मतं, त्यात बाद मतं मिळवली की झालेलं मतदान. बेरीज जुळली नाही तर चूक तुमच्या उताऱ्यात आहे की मूळ अहवालात, ते पाहून शेऱ्यात लिहा.

नावांचं लेखन हा दुसरा ताप. अहवाल इंग्रजीत असल्याने सांगोला कुठे 'सांगोले' होतं. आडनाव कधी आधी, कधी शेवटी. देशमुख गणपतराव अण्णासाहेब आणि गणपतराव देशमुख हे संगणकाला दोन वेगळे गृहस्थ वाटतात. म्हणून तक्त्यात दोन स्तंभ ठेवा: एकात अहवालातलं नाव जसंच्या तसं, दुसऱ्यात तुम्ही ठरवलेलं एकच मराठी नाव. आणि नाव सारखं म्हणजे माणूस एकच, असंही समजू नका. मतं फोडायला त्याच नावाचा अपक्ष उभा करणं ही आपल्याकडची जुनी खेळी आहे. तळाच्या उमेदवारांत विजेत्याचं नाव पुन्हा दिसलं तर दचकायचं कारण नाही.

निकालाच्या दुसऱ्या दिवसाचं वर्तमानपत्र वाचायला गोड असतं. वातावरण, मिरवणूक, कोण कुठल्या फेरीत मागे पडला, हे सगळं तिथेच मिळतं. त्यातले आकडे मात्र तक्त्यात घेऊ नका. मतपत्रिकांच्या काळात मोजणी रात्रभर चालायची आणि छपाईला गेलेला आकडा शेवटचा असेलच असं नसायचं.

पोटनिवडणुका: सगळ्यात मोठी गळती

सांगोल्याची गोष्ट वर आलीच. त्याच वर्षी, १९७४ ला, करमाळ्याच्या पोटनिवडणुकीतून सुशीलकुमार शिंदे पहिल्यांदा विधानसभेत गेले. मुंबईत १९७० ला परळच्या पोटनिवडणुकीत वामनराव महाडिक निवडून आले, ते शिवसेनेचे पहिले आमदार. तिथले कम्युनिस्ट आमदार कृष्णा देसाई यांच्या खुनानंतर झालेली ती निवडणूक. नुसते १९६७ आणि १९७२ चे अहवाल जोडलेत तर मुंबईच्या राजकारणाचं हे वळणच तुमच्या इतिहासातून गळून पडेल.

पोटनिवडणूक शोधायची युक्ती साधी आहे. सार्वत्रिक निवडणुकीचा विजेता घ्या आणि त्या विधानसभेची मुदत संपताना तिथला आमदार कोण होता ते पाहा. नावं वेगळी असतील तर मधे काहीतरी घडलंय. नाव तेच असलं तरी निर्धास्त होऊ नका. राजीनामा देऊन पुन्हा निवडून येणारेही असतात. नारायण राणे २००४ ला मालवणमधून शिवसेनेचे आमदार झाले आणि २००५ च्या पोटनिवडणुकीत तिथूनच काँग्रेसचे. माणूस तोच, मतदारसंघ तोच, पक्ष दुसरा.

काही पोटनिवडणुकांत मतदानच होत नाही. २०१८ ला पतंगराव कदमांच्या निधनानंतर पलूस-कडेगावमध्ये विश्वजित कदम बिनविरोध निवडून आले. तिथे मतांच्या स्तंभात शून्य लिहायचं नाही, 'बिनविरोध' लिहायचं. शून्य लिहिलंत की सरासरी काढताना सगळं बिघडतं.

न्यायालयाने रद्द केलेल्या निवडीही याच सदरात येतात. निकालानंतर ४५ दिवसांत उच्च न्यायालयात निवडणूक याचिका करता येते. विलेपार्ल्याची डिसेंबर १९८७ ची पोटनिवडणूक शिवसेनेच्या डॉ. रमेश प्रभूंनी जिंकली. मुंबई उच्च न्यायालयाने ती निवड १९८९ ला रद्द केली आणि सर्वोच्च न्यायालयाने १९९५ ला तो निर्णय कायम ठेवला. अशा ओळीला 'विजयी' एवढंच लिहून पुढे जाता येत नाही. शेऱ्याचा स्तंभ रुंद ठेवा.

पक्षाचं नाव हे कोडं आहे

तक्त्यात 'काँग्रेस' असं एकच लेबल १९५२ पासून ओढलंत, तर १९७८ ला तुम्ही अडकाल. त्या वर्षी दोन काँग्रेस मैदानात होत्या. एकीला ६९ जागा मिळाल्या, इंदिरा काँग्रेसला ६२ आणि जनता पक्षाला ९९. १९८० ला अर्स काँग्रेस, १९८५ ला शरद पवारांची समाजवादी काँग्रेस, जी डिसेंबर १९८६ ला मूळ काँग्रेसमध्ये विलीन झाली. १९९९ पासून राष्ट्रवादी. जनसंघाचे लोक १९७८ ला जनता पक्षात होते आणि भाजप एप्रिल १९८० चा. म्हणून 'भाजपने १९७२ ला इथे दुसरं स्थान मिळवलं' असलं वाक्य कुणी लिहिलं असेल, तर त्याचा बाकीचा तक्ताही संशयाने वाचा.

शिवसेनेला राज्यपातळीवरची मान्यता १९८९ ला मिळाली. त्याआधीचे काही शिवसैनिक उमेदवार कागदोपत्री अपक्ष दिसतात. १९८५ ला छगन भुजबळ माझगावमधून मशाल चिन्हावर निवडून आले होते. मशाल पुढे २०२२ च्या अंधेरी पूर्व पोटनिवडणुकीत पुन्हा आली, उद्धव ठाकरे गटाच्या ऋतुजा लटके यांच्याकडे.

मी इथे तीन स्तंभ ठेवतो: अहवालातला पक्ष, चिन्ह, आणि 'प्रवाह', म्हणजे उमेदवार प्रत्यक्षात कोणत्या गटाचा. प्रवाह हा माझा निवाडा असतो आणि तो माझा आहे हे मी वर लिहून ठेवतो. २०१९ ला शहाजीबापू पाटील सांगोल्यातून धनुष्यबाणावर निवडून आले आणि २०२४ ला धनुष्यबाणावरच हरले. अहवालात दोन्हीकडे शिवसेना. पण मधे २०२२ ची फूट आहे, आणि फेब्रुवारी २०२३ ला आयोगाने नाव आणि चिन्ह एकनाथ शिंदे गटाला दिलंय. पहिला स्तंभ याबद्दल काही बोलत नाही.

माणसांचा पक्षप्रवास याच स्तंभांतून उलगडतो. भारत भालके पंढरपुरात तीनदा निवडून आले: २००९ ला स्वाभिमानी पक्षाकडून, २०१४ ला काँग्रेसकडून, २०१९ ला राष्ट्रवादीकडून. नुसत्या पक्षाच्या स्तंभावर नजर फिरवणारा म्हणेल, हा मतदारसंघ दर वेळी कौल बदलतो. माणसाचा स्तंभ पाहणारा म्हणेल, इतका स्थिर मतदारसंघ जिल्ह्यात दुसरा नाही. सहकारी साखर कारखाना आणि पाणी यांच्याभोवती फिरणाऱ्या पट्ट्यात पक्ष हे बरेचदा वरचं कव्हर असतं. २०२० ला भालकेंचं निधन झालं आणि २०२१ च्या पोटनिवडणुकीत त्यांचे पुत्र भगीरथ भालके भाजपच्या समाधान आवताडेंकडून ३,७३३ मतांनी हरले.

मताधिक्य, टक्के आणि नोटा

टक्केवारी काढण्याआधी भाजक ठरवा. झालेलं मतदान, वैध मतं आणि नोंदलेले मतदार हे तीन वेगळे आकडे आहेत. मतदानाचं प्रमाण काढायला नोंदलेले मतदार भाजक, उमेदवाराचा वाटा काढायला वैध मतं. १९९० च्या निवडणुकीत मतदारांचा आकडा एकदम फुगलेला दिसतो, कारण मधे १९८९ ला मतदानाचं वय २१ वरून १८ वर आलं.

विधानसभेला नोटा, म्हणजे 'वरीलपैकी कुणीही नाही' हा पर्याय, २०१४ पासून आहे आणि तिने घोळ वाढवला. अनामत वाचवायला वैध मतांच्या एक षष्ठांशापेक्षा जास्त मतं लागतात आणि त्या हिशेबात नोटा धरत नाहीत. बऱ्याच तक्त्यांत मात्र टक्के काढताना नोटा भाजकात असते. दोन्ही चालतं, पण एकाच तक्त्यात दोन्ही चालत नाही.

२०१९ ला लातूर ग्रामीणमध्ये धीरज देशमुखांना १,३५,००६ मतं मिळाली आणि दुसऱ्या क्रमांकावर होती नोटा, २७,५०० मतं. पलूस-कडेगावमध्येही त्याच वर्षी नोटा दुसरी. मताधिक्य कुणाशी तुलना करून काढायचं? नोटा उमेदवार नव्हे. त्यामुळे मताधिक्य पुढच्या खऱ्या उमेदवाराशी तुलना करून काढायचं आणि नोटाचा आकडा वेगळ्या स्तंभात ठेवायचा. 'उपविजेता: नोटा' असं लिहिलेलं मजेशीर वाटतं, पण पुढे सगळी गणितं चुकवतं.

चुरस पाहायला मताधिक्यासारखा आकडा नाही. सांगोल्यात १९९५ ला शहाजीबापूंनी गणपतरावांना १९२ मतांनी हरवलं. २०१९ ला त्याच शहाजीबापूंना ९९,४६४ मतं आणि शेतकरी कामगार पक्षाच्या (शेकाप) अनिकेत देशमुखांना ९८,६९६. फरक ७६८. एकशे ब्याण्णव चोक सातशे अडुसष्ट. योगायोगच, पण तक्ता करत बसलेल्या माणसाला रात्री साडेअकराला असल्या गोष्टींनीच हुरूप येतो. २०२४ ला शेकापच्या बाबासाहेब देशमुखांना १,१६,२५६ आणि शहाजीबापूंना ९०,८७०. फरक २५,३८६.

आता याच तीन ओळींवरून 'देशमुख घराण्याचं वर्चस्व परत आलं' असा निष्कर्ष काढायचा मोह होतो. थांबा. तिसऱ्या क्रमांकाचा उमेदवार पाहा. २०२४ ला ठाकरेंच्या शिवसेनेचे दीपक साळुंखेही मैदानात होते. पहिल्या दोघांच्या बेरजेबाहेर किती मतं गेली, हा स्तंभ नसेल तर दुरंगी आणि तिरंगी लढत एकसारखी दिसते. १९९५ ला राज्यात ४५ अपक्ष निवडून आले होते. त्या वर्षीच्या लढती पहिल्या दोन नावांत मावतच नाहीत, पहिले चार तरी उतरवून घ्या.

गावापर्यंत उतरायचं असेल तर

मतदान केंद्रानुसार मतं मिळतात ती नमुना २० मध्ये. हा निवडणूक निर्णय अधिकाऱ्याने केलेला अंतिम निकालाचा तक्ता. अलीकडच्या निवडणुकांचे नमुने राज्याच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांच्या संकेतस्थळावर असतात. एका ओळीत एक केंद्र, आडवे सगळे उमेदवार, शेवटी नोटा. टपाली मतं अगदी तळाला वेगळी येतात. ती विसरलात की बेरीज जुळत नाही आणि तुम्ही तासभर चूक शोधत बसता.

नमुना २० मध्ये बरेचदा केंद्राचा नुसता क्रमांक असतो, गावाचं नाव नसतं. त्यासाठी त्याच निवडणुकीची मतदान केंद्रांची यादी शेजारी उघडायची. 'त्याच निवडणुकीची' हे महत्त्वाचं. मतदार वाढले की केंद्रं वाढतात आणि मधे एक केंद्र घुसलं की पुढचे सगळे क्रमांक सरकतात. २०१९ चं ११४ नंबरचं केंद्र आणि २०२४ चं ११४ नंबरचं केंद्र दोन वेगळ्या गावांत असू शकतं. म्हणून जोडणी गावाच्या नावाने करा, आणि एका गावात तीन केंद्रं असतील तर ती आधी एकत्र करून घ्या.

पीडीएफमधून मराठी मजकूर उचलताना जुन्या फॉन्टमुळे अक्षरांचा काला होतो. मी दोन-तीन सॉफ्टवेअरशी झटापट करून शेवटी हाताने टाइप करायला लागलो. तीनशे ओळींना दोन संध्याकाळी लागतात, आणि टाइप करता करता गावं पाठ होतात.

मतपत्रिकांच्या काळासाठी ही सोय फारशी नाही. तेव्हा अनेकदा सगळ्या केंद्रांच्या मतपत्रिका एकत्र मिसळूनच मोजत, कोणत्या गावाने कुणाला मत दिलं ते उघड होऊ नये म्हणून. त्यामुळे 'पंच्याऐंशीला आमच्या गावाने एकगठ्ठा मतं दिली' असं कुणी छातीठोक सांगितलं तर ते आठवण म्हणून लिहा, आकडा म्हणून नको.

आठवणी मात्र जरूर घ्या. तक्ता हातात घेऊन जुन्या कार्यकर्त्याकडे जायचं आणि एका आकड्यावर बोट ठेवायचं: 'अण्णा, या अपक्षाला एवढी मतं कशी पडली?' नुसतं 'तेव्हाचं राजकारण सांगा' म्हटलं की भाषण ऐकायला मिळतं. एका ओळीवर बोट ठेवलं की मग तिकीट कुणाचं कापलं, कुठल्या कारखान्याच्या निवडणुकीचा राग होता, कोणत्या गावात रात्री बैठक झाली, हे बाहेर येतं. ऐकलेलं दुसऱ्या गटाच्या माणसाकडून पडताळायचं. दोघांचं जुळलं तर लिहायचं, नाही जुळलं तर दोन्ही लिहायचं.

लिहिताना गठ्ठ्यागणिक एक प्रकरण करा आणि प्रत्येकाच्या सुरुवातीला त्या काळातली हद्द द्या. आमदारांची यादी शेवटी जोडा, एका पानात, पोटनिवडणुकांसह.

एक काम लगेच उरका. २०२४ चा नमुना २० आणि त्याबरोबरची मतदान केंद्रांची यादी, दोन्ही उतरवून स्वतःच्या संगणकावर ठेवा. जागांची संख्या गोठवणाऱ्या घटनादुरुस्तीची मुदत २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंतच आहे. त्यानंतर नव्या परिसीमनाचा रस्ता मोकळा होतो. सातवा गठ्ठा सुरू होईल तेव्हा कोणतं गाव कुठून कुठे गेलं, हे जुळवायला हेच दोन कागद लागतील.